श्यामच्या आईचं नाव

शाळेच्या ओट्यासमोर दोन वासे रोवून त्यांना पांढरं धोतर ताणून बांधलं होतं. जिल्ह्याच्या गावाहून जीपगाडी आली होती, तिच्या मागच्या बाजूला जनरेटर घरघरत होता. तळीयेच्या पंचक्रोशीतल्या वाड्यांवरून माणसं कंदील, बत्त्या घेऊन उतरली होती. बाया एका अंगाला, बाप्ये एका अंगाला आणि आम्ही पोरं थेट पडद्याच्या बुडाशी. सिनेमा सुरू झाला तेव्हा कुणी गोधडी अंथरत होतं, कुणी रडणारं पोर दामटत होतं, कुणी ‘जरा सरकून घ्या’ म्हणत होतं. पडद्यावर अक्षरं आली आणि गेली. ती कुणी वाचली नाहीत. मग नऊवारीतली, ठसठशीत कुंकवाची एक बाई पडद्यावर आली आणि बायांचा घोळका एकदम गप्प झाला.

थोड्या वेळानं मागून एक म्हातारी कुजबुजली, “ही बाय कंच्या गावची गं?”

“पालगडची आसंल. श्यामची आयस ना ती!”

“पालगडच्या अंगाला आमची आतेभैन दिलीय. चेहरा अगदी तसाच हाय बघ.”

प्रश्न सुटला. श्यामचं गाव पालगड आमच्यापासून फार लांब नाही. महाडच्या खाली, रत्नागिरी जिल्ह्यात, दापोली तालुक्यात. तिथली लेक इकडे आणि इकडची तिकडे दिली जात असेच. तेव्हा पडद्यावरची बाई पालगडची, म्हणजे जवळजवळ आपल्यातलीच. कुणालाच शंका आली नाही. मलाही नाही.

त्या म्हातारीच्या प्रश्नाचं खरं उत्तर मला फार उशिरा मिळालं. ती बाई पालगडची नव्हती, कोकणातलीही नव्हती. तिचा जन्म १९१५ सालचा, उज्जैनचा. वडील ग्वाल्हेर संस्थानच्या सेवेतले बडे अधिकारी, कर्नल बापूराव पवार. मुलीचं नाव सुशीला. पडद्यासाठी तिनं घेतलेलं नाव वनमाला. आणि लोकांनी दिलेलं तिसरं नाव इतकं मोठं झालं, की पहिली दोन्ही त्याच्या पदराखाली झाकली गेली. या पुस्तिकेचा विषय ही तीन नावांची बाई आहे.

‘श्यामची आई’ कुणाला ठाऊक नाही, असं मराठी घर सापडणं कठीण. साने गुरुजींचं पुस्तक वाचलेलं नसलं, तरी निदान शाळेच्या धड्यातून, बक्षीस-समारंभातून किंवा आईच्या टोमण्यातून ते घरात आलेलं असतंच. चित्रपटही माहीत असतो. आचार्य अत्र्यांचा, सुवर्णपदक मिळालेला. संगीत वसंत देसाईंचं, हेही जुने लोक सांगतात. श्याम झालेला मुलगा माधव वझे, जो पुढे नाट्यदिग्दर्शक आणि समीक्षक म्हणून नावाजला, हेही पुष्कळांना ठाऊक असतं. प्रबोधनकार ठाकरे, म्हणजे आमच्या रायगडातल्या पनवेलचे, या चित्रपटात एका भूमिकेत दिसतात, ही माहिती तर लोक हौसेनं सांगतात. आता विचारा, आईचं काम कुणी केलं? दहातले आठजण थांबतात. कुणी ‘सुलोचना’ म्हणतं, कुणी ‘दुर्गा खोटे’. आईचं काम म्हटलं की आपल्या जिभेवर येणारी हीच दोन-तीन नावं. ज्या बाईनं मराठी पडद्यावरची सगळ्यात गाजलेली आई उभी केली, तिचं नाव त्यांत नसतं.

हे कसं झालं, त्याचा विचार या प्रस्तावनेत करायचा आहे. एरवी वनमालाबाई दुर्लक्षित राहाव्यात असं काहीच त्यांच्या आयुष्यात नव्हतं. त्या काळात मुलगी पदवीधर होणं हेच नवल. त्या पदवी घेऊन पुण्याला आल्या आणि आगरकर हायस्कुलात शिकवू लागल्या. आचार्य अत्रे हे तेव्हा शिक्षक, नाटककार, चित्रपटकथाकार अशा अनेक डगरींवर पाय ठेवून जोरात होते. त्यांनी लिहिलेल्या ‘लपंडाव’मधून १९४० साली वनमालाबाई मराठी पडद्यावर आल्या. घरंदाज, संस्थानी घराण्यातली, शिकलेली मुलगी तोंडाला रंग लावते, ही गोष्ट त्यांच्या वडिलांच्या पचनी पडण्यासारखी नव्हती. त्या काळच्या कुठल्याच सरदारी घराण्याला ती पचली नसती. तरी त्या मागे फिरल्या नाहीत.

१९४१ साल त्यांच्या नशिबी दोन टोकांची कामं घेऊन आलं. अत्र्यांच्या ‘पायाची दासी’त त्या सासुरवाशीण झाल्या, सासू दुर्गा खोटे. त्याच वर्षी सोहराब मोदींच्या ‘सिकंदर’मध्ये त्या रुक्साना झाल्या, सिकंदर पृथ्वीराज कपूर आणि पोरस स्वतः मोदी. दुसरं महायुद्ध पेटलेलं, आणि पडद्यावर परक्या बादशहापुढे मान न वाकवणारा राजा उभा. इंग्रज सरकारला या चित्रपटानं अस्वस्थ केलं आणि लष्करी छावण्यांच्या चित्रपटगृहांतून तो उतरवला गेला. पुढच्याच वर्षी त्या ‘वसंतसेना’ झाल्या, म्हणजे मृच्छकटिकातली गणिका. १९४४ साली व्ही. शांताराम यांच्या ‘परबत पे अपना डेरा’त त्या नायिका होत्या. तिशी गाठायच्या आत एका नटीनं छळलेली सून, इराणी राजस्त्री आणि उज्जयिनीची गणिका केली होती. मोठे डोळे, रेखीव चेहरा, ताठ मान. हिंदी पडद्यावर त्या काळी त्यांचं नाव होतं.

मग १९५३ साली, वयाच्या अडतिसाव्या वर्षी, त्यांनी नऊवारी नेसून कपाळाला मोठं कुंकू लावलं आणि त्या आई झाल्या. आपल्याकडच्या नट्यांचं गणित तेव्हाही असंच होतं आणि आजही फारसं बदललेलं नाही. नायिकेच्या कामापासून आईच्या कामापर्यंत मधली पायरीच नसते, एकदम उडी असते. पुष्कळजणी त्या उडीत पडल्या. वनमालाबाई पडल्या नाहीत, हरवल्या मात्र.

साने गुरुजींनी ‘श्यामची आई’ लिहिली ती १९३३ साली नाशिकच्या तुरुंगात, बहुतेक भाग अवघ्या पाच दिवसांत. पुस्तक १९३५ साली प्रसिद्ध झालं. ज्या आईबद्दल ते लिहीत होते, ती यशोदाबाई १९१७ सालीच गेली होती. म्हणजे सोळा वर्षांपूर्वी गेलेली आई गजाआड बसून आठवलेली. गुरुजींनी स्वतःच्या हातानं आपलं आयुष्य संपवलं ते ११ जून १९५० रोजी. तीन वर्षांनी अत्र्यांनी चित्रपट केला, तेव्हा आई नव्हती, तिला आठवणारा मुलगाही नव्हता. होतं ते पुस्तक आणि ते वाचून डोळे पुसणारा सगळा महाराष्ट्र. अशा वेळी आईचं काम करणं म्हणजे लाखो वाचकांनी मनातल्या मनात आपापल्या आईचा चेहरा लावून ठेवलेल्या मूर्तीवर स्वतःचा चेहरा बसवणं. जरा कमी पडलं तरी लोक म्हणणार, ‘अशी नव्हती’. जरा जास्त झालं तरी म्हणणार, ‘नाटकी आहे’.

पोहण्याचा प्रसंग पाहा. पाण्याला भिऊन माळ्यावर लपलेल्या श्यामला आई बाहेर काढते आणि शिंपटीनं झोडते. तीच आई नंतर त्याचे वळ पाहून कळवळते. बहुतेक नट्या हा प्रसंग दोन वेगळ्या बायांचा करतील. आधी कठोर, मग कनवाळू. वनमालाबाई मारताना रागावलेल्या दिसतात त्यापेक्षा घाबरलेल्या दिसतात. आपला मुलगा भित्रा निघाला तर जग त्याला खाऊन टाकील, ही भीती. म्हणून नंतरचा कळवळा नवा वाटत नाही, तो मारातच होता. आमच्या वाडीतल्या बायांना हे बरोबर कळलं होतं. त्यांच्यापैकी कुणी ‘कशी मारते बघा’ असं म्हटलं नाही. एकीनं एवढंच म्हटलं, “मारंल नाय तर काय करंल?”

दुसरी गोष्ट तळव्यांची. आंघोळ झाल्यावर पायांना माती लागू नये म्हणून हट्ट धरणारा श्याम, आणि पायांना जपतोस तसं मनालाही जप म्हणणारी आई. कागदावर हा सुविचार आहे. पडद्यावर तो सुविचारच राहिला असता, तर दर वर्षी शाळेत फळ्यावर लिहून पुसतात तसा पुसला गेला असता. इथे आई बोलता बोलता हातातलं काम करत राहते. उपदेश करायला तिला सवडच नाही, तो कामाच्या ओघात तोंडून निसटतो. माळव्यात वाढलेल्या, कर्नलच्या घरातल्या, पदवीधर बाईनं हे कुठून उचललं असेल? कोकणातल्या बाईचं बोलणं नेहमी अर्धं कामाकडे आणि अर्धं माणसाकडे असतं, हे आम्ही जन्मापासून पाहतो. त्या परक्या मुलखातून येऊन ते नेमकं टिपून गेल्या.

चित्रपटाला १९५४ साली राष्ट्रपतींचं सुवर्णपदक मिळालं. सरकारनं चित्रपटांना पुरस्कार देण्याचं ते पहिलंच वर्ष, आणि देशातला सर्वोत्तम चित्रपट ठरला एक मराठी चित्रपट. त्याच वर्षी ‘दो बिघा जमीन’सारख्या चित्रपटाला प्रशस्तिपत्रावर समाधान मानावं लागलं, यावरून त्या पदकाचं वजन कळावं. पण पदक चित्रपटाचं होतं. नट-नटीला पुरस्कार देण्याची सोयच तेव्हा नव्हती. ती झाली १९६७ सालच्या चित्रपटांपासून, आणि नटीचा पहिला मान नर्गिसना मिळाला. म्हणजे वनमालाबाईंच्या कामाची सरकारदरबारी नोंद होण्यासाठी जो रकाना हवा होता, तोच चौदा वर्षं उशिरा छापला गेला. आमच्याकडच्या सातबाऱ्यासारखी गत. राबणारा राबतो, इतर हक्कातसुद्धा त्याचं नाव नसतं.

दुसरं कारण अत्रे. हा माणूस ज्या गोष्टीजवळ उभा राहिला, तिच्यावर त्याची सावली पडली. लेखक, निर्माता, दिग्दर्शक तेच. चित्रपटाचा गाजावाजा करणारे आणि विरोधकांवर तुटून पडणारेही तेच. वनमालाबाईंची चर्चा जेव्हा जेव्हा झाली, तेव्हा ती अत्र्यांच्या गोष्टीतली एक गोष्ट म्हणून झाली. त्या दोघांच्या स्नेहाबद्दल लोकांनी चवीनं बोलून घेतलं, त्यांच्या कामाबद्दल मात्र बोलायचं राहून गेलं. नटीच्या आयुष्याबद्दल चारशे वाक्यं आणि अभिनयाबद्दल चार, हा आपला जुना हिशेब आहे.

तिसरं कारण त्यांनी स्वतः निर्माण केलं. पुढे त्यांनी चित्रपटसृष्टीकडे पाठ फिरवली. वृंदावन आणि ग्वाल्हेर इथं भक्तीत आणि कलाशिक्षणाच्या कामात त्यांनी उरलेलं आयुष्य काढलं. २००७ साली ग्वाल्हेरला त्यांचं निधन झालं तेव्हा वय ब्याण्णवच्या आसपास. मराठी माणसांपासून लांब, हिंदी मुलखात. मुंबईत राहून मुलाखती दिल्या असत्या, सत्कारांना हजर राहिल्या असत्या, तर नाव राहिलं असतं. त्यांना ते नको होतं, असं मानायला जागा आहे.

पण सगळ्यात मोठं कारण याहून खोल आहे, आणि ते समजायला थोडं लांबून पाहिलेलं बरं. युद्धानंतरच्या जर्मनीत असाच एक प्रकार घडला. १९४५ साली जर्मनीतली शहरं ढिगाऱ्यांत पडली होती. १९४६ साली तिथं युद्धानंतरचा पहिला चित्रपट आला, वोल्फगांग श्टाउडटे यांचा ‘खुनी आपल्यातच आहेत’ अशा अर्थाच्या नावाचा. त्यात छळछावणीतून परतलेली नायिका बर्लिनमधल्या पडक्या घरात झाडलोट करून संसार मांडते. पुढे लोकांना ढिगारे पाहवेनासे झाले. मग हिरव्या डोंगरांचे, चर्चच्या घंटांचे, गावाकडच्या घरांचे चित्रपट निघू लागले आणि तुफान चालले. त्याच हवेत १९५६ साली ‘ट्रॅप कुटुंब’ हा चित्रपट आला. आईविना वाढणाऱ्या मुलांना गाणी शिकवणारी आणि शेवटी त्यांची आई होणारी तरुणी त्यात रूथ लॉयव्हेरिक या नटीनं उभी केली. जर्मन लोकांनी तिला डोक्यावर घेतलं, दुसरा भागही काढला. पण त्या कथेचे हक्क अमेरिकेत गेले, तिथं नाटक झालं आणि १९६५ साली ‘द साउंड ऑफ म्युझिक’ आला. आपल्याकडच्या ‘परिचय’नंही तिकडूनच प्रेरणा घेतली. आज जगाच्या पाठीवर ही गोष्ट कोट्यवधी लोकांना माहीत आहे. जर्मनीबाहेर लॉयव्हेरिकबाईंचं नाव घेणारा मात्र विरळा. त्या २०१६ साली म्युनिकमध्ये वारल्या, तेव्हा आपल्याकडे कुणाला पत्ताही नव्हता.

दोघींमध्ये सारखेपण काय? पडझडीतून गेलेल्या समाजाला आई हवी असते. जर्मनीला ढिगाऱ्यांनंतर हवी होती. महाराष्ट्राला गांधीहत्या, त्यानंतरची जाळपोळ आणि गुरुजींचं जाणं यांनंतर हवी होती. अशा वेळी पडद्यावर आई दिसली की लोक तिच्या कुशीत शिरतात. कुशीत शिरलेला माणूस कुणाला नाव विचारत नाही. आईला नाव विचारायचं असतं का? भूमिका जितकी खरी होईल तितकी नटी पुसली जाते. वनमालाबाई वाईट नटी असत्या, तर त्यांचं नाव कदाचित राहिलं असतं. ‘ती बघा, वनमालाबाईंनी काय रडारड केली होती’, असं म्हणून तरी.

आता थोडं आमच्या मुलखाकडे वळतो. ही प्रस्तावना तळीयेच्या वाटेवर बसून लिहितो आहे, ती उगाच नव्हे.

वरंध घाटाच्या पायथ्याशी, काळ नदीच्या खोऱ्यात आमची गावं आहेत. गाव म्हणजे डोंगराच्या कुशीत विखुरलेल्या वाड्या. खाचरात भात, चढावर नाचणी आणि वरी. बाप्ये मुंबईला, आधी गिरणीत आणि गिरण्या गेल्यावर मिळेल तिथं. ते यायचे शिमग्याला आणि गणपतीला. मनीऑर्डर यायची तेव्हा यायची. राब भाजणं, तरवा काढणं, लावणी, बेणणी, कापणी, मळणी, गोठा, म्हातारी सासू, शाळेतली पोरं, हे सगळं बाईच्या डोक्यावर. इरलं घेऊन चिखलात दिवसभर वाकलेली बाई संध्याकाळी ताठ होते ती चुलीशी पुन्हा वाकण्यासाठी. या बायांना पडद्यावरची श्यामची आई ओळखीची वाटली, यात नवल नाही.

पण त्यांचीही तीन नावं असत. माहेरी एक, लग्नात तांदळात लिहिलेलं दुसरं, आणि पोर झालं की तिसरं: ‘अमक्याची आई’. वाडीत हाक मारायची ती तिसऱ्या नावानं. नातवंडांना आजीचं नाव माहीत नसे. ‘आजीचं नाव काय?’ असं शाळेत गुरुजींनी विचारलं की पोरं म्हणत, ‘आजी’. मला स्वतःला माझ्या आजीचं माहेरचं नाव ती गेल्यावर कळलं.

२२ जुलै २०२१ रोजी, गुरुवारी, पावसानं कहर केला. महाबळेश्वरला त्या एका दिवसात ५९४ मिलिमीटर पाऊस पडल्याची नोंद आहे. तसाच पाऊस आमच्या बाजूच्या डोंगरांवरही कोसळला आणि सावित्री, काळ, गांधारी यांच्या पोटात उतरला. महाड पाण्याखाली गेलं. पोलादपूर तालुक्यात केवनाळे आणि साखर सुतारवाडीला दरड कोसळली. तळीयेत कोंढाळकरवाडीवर डोंगर आला. ८० हून अधिक माणसं गेली. रस्ते बुडालेले, मदत पोचायला दुसरा दिवस उजाडला. त्यानंतर कंटेनरची घरं आली, मग पक्क्या घरांचं काम. ते सगळं वर्तमानपत्रांत आलेलं आहे.

मला सांगायचं आहे ते यादीबद्दल. अशा वेळी सरकारी यादी होते. तीत बाईचं नाव येतं ते पूर्ण: नाव, नवऱ्याचं नाव, आडनाव, वय. वाडीत जिला कुणी कधी नावानं हाक मारली नाही, तिचं नाव असं पहिल्यांदा मोठ्यानं वाचलं जातं. भोवती उभी माणसं क्षणभर गोंधळतात. ‘ही कोण?’ मग कुणीतरी हळूच म्हणतं, ‘अगं, अमक्याची आई ती.’ ज्या माणसांनी जन्मभर तिच्या हातची भाकर खाल्ली, त्यांना तिचं नाव ओळखता येत नाही. ती यादी वाचली जाताना मला शाळेच्या ओट्यासमोरची ती रात्र आठवली आणि म्हातारीचा प्रश्न आठवला. “ही बाय कंच्या गावची गं?” आम्ही उत्तर दिलं होतं, पण ते पडद्यावरच्या आईबद्दलचं होतं. बाईबद्दलचं नव्हतं.

वनमालाबाईंचं काम पुन्हा पाहावं, त्यांच्याबद्दल लिहावं, असं मनानं घेतलं ते तिथून.

इथं एक आक्षेप येईल, आणि तो यायलाच हवा. श्यामचं घराणं खोताचं. आमच्या तेव्हाच्या कुलाबा, आजच्या रायगड जिल्ह्यात खोताच्या जाचाविरुद्ध चरीच्या शेतकऱ्यांचा संप सुरू झाला तो १९३३ सालीच, म्हणजे ज्या साली गुरुजी तुरुंगात आईच्या आठवणी लिहीत होते त्याच साली. खोती कायद्यानं गेली ती १९४९ नंतर. मग कुळांच्या लेकीसुनांनी खोताच्या सुनेला आपली आई का मानावं? महाडला तर हा प्रश्न आणखी टोकदार होतो. २० मार्च १९२७ रोजी चवदार तळ्याचं पाणी पिऊन बाबासाहेब आंबेडकरांनी जो प्रश्न विचारला, तो आजही इथल्या हवेत आहे. या आक्षेपाला मी उत्तर देऊ पाहत नाही. एवढंच सांगतो, की पुस्तकातली आई रस्त्यात अडलेल्या महार म्हातारीची मोळी उचलायला आपल्या मुलाला पाठवते. आज ते फार थोडं वाटेल, आणि थोडंच आहे. पण चित्रपटात हे घर कर्जानं पोखरलेलं दिसतं, सावकाराचा माणूस दारात येऊन अपमान करून जातो, तेव्हा खोत आणि कूळ हा फरक आमच्या बायांच्या डोळ्यांतून गळून पडत असावा. दारात आलेला सावकाराचा माणूस सगळ्यांनी पाहिलेला होता. वनमालाबाई त्या प्रसंगात खोताच्या सुनेसारख्या उभ्या राहत नाहीत. हप्ता चुकलेल्या कुठल्याही घरातल्या बाईसारख्या उभ्या राहतात.

दुसरा आक्षेप आजच्या मुलींचा आहे आणि मला तो जास्त पटतो. आईला इतकं थोर करून ठेवायचं, की तिनं दमू नये, चिडू नये, स्वतःसाठी काही मागू नये, ही एक प्रकारची कैदच नाही का? आहे. २०२३ साली सुजय डहाके यांनी ‘श्यामची आई’ पुन्हा पडद्यावर आणली, तेव्हाही ही चर्चा झाली. पण म्हणूनच जुना चित्रपट या नजरेनं पुन्हा पाहा. वनमालाबाईंची आई दमते. त्यांचं दमणं संवादात नाही, खांद्यात आहे. दाराच्या चौकटीला टेकून उभ्या राहतात त्यात आहे. गुरुजींच्या लेखणीला आईची थोरवी सांगायची होती, अत्र्यांच्या कॅमेऱ्याला लोकांना रडवायचं होतं. या दोघांच्या मध्ये उभी राहून एका नटीनं बाईचा थकवा तेवढा जपून ठेवला. हे माझं वाचन आहे. वाचकांनी ते पडताळून पाहावं.

ही पुस्तिका वनमालाबाईंचं चरित्र नव्हे. पुढच्या पानांत त्यांच्या चित्रपटांचा क्रमानं आढावा आहे, त्यांतल्या कामाबद्दलची टिपणं आहेत. अत्र्यांच्या उल्लेखाशिवाय त्यांच्याबद्दल लिहिता येत नाही, पण अत्र्यांच्या खोलीतून न जाता त्यांच्या दारापर्यंत पोचता येतं का, याचा हा प्रयत्न आहे. वाचकांना एकच सुचवावंसं वाटतं. ‘श्यामची आई’ पाहण्याआधी ‘सिकंदर’ पाहा. रुक्सानाची ताठ मान एकदा डोळ्यांत भरून घ्या, मग पालगडच्या ओसरीवर वाकून बसलेली बाई पाहा. तीच मान आहे. ती वाकवायला किती ताकद लागली असेल, ते तेव्हाच कळेल.

जाता जाता त्या रात्रीकडे पुन्हा येतो. आजकाल चित्रपट संपला की नावांची लांबलचक यादी पडद्यावर सरकत राहते आणि लोक चपला शोधू लागतात. १९५३ साली तसं नव्हतं. नावं आधी येत, मग गोष्ट. आमच्या पडद्यावर वनमालाबाईंचं नाव आलं होतं, नीट, मोठ्या अक्षरांत. तेव्हा आम्ही गोधड्या अंथरत होतो.

प्रस्तावनेचंही तसंच असतं. ती पहिल्यांदा येते आणि बहुतेक वाचक ती ओलांडून थेट गोष्टीत शिरतात. इथवर जे आलात, त्यांच्यासाठी म्हातारीच्या प्रश्नाचं उत्तर पुन्हा एकदा लिहून ठेवतो. ती बाय उज्जैनची. माहेरचं नाव सुशीला, पडद्यावरचं वनमाला.

तळीये, ता. महाड, जि. रायगड